"मॅडम, परत एकदा, पण थोडक्यात": माहितीपटात तज्ज्ञ म्हणून पहिल्यांदा बोलणाऱ्यांसाठी

माझ्या पहिल्या माहितीपटासाठी मी चाळीस मिनिटं बोलले. कोकण रेल्वेच्या गोव्यातल्या पेडण्याच्या बोगद्यातली माती का वाहते, पाणी तिला कसं सोडत नाही, आधार उभा करेपर्यंत डोक्यावरचं खाली कसं येतं, सगळं सांगितलं. फळ्यावर आकृतीसुद्धा काढली. प्रसारणाच्या दिवशी घरचे, शेजारचे आणि दोन माजी विद्यार्थी टीव्हीसमोर बसले. मी आले, "हा बोगदा खणणं अजिबात सोपं नव्हतं" असं म्हणाले आणि गेले. सासूबाई म्हणाल्या, "एवढंच? हे तर मीही सांगितलं असतं."

दिग्दर्शकाला दोष देण्यात अर्थ नव्हता. चाळीस मिनिटांत मी त्याला उचलता येईल असं एकच वाक्य दिलं होतं. बाकीची सगळी 'त्यामुळे', 'म्हणून', 'मघाशी म्हटलं तसं' करत एकमेकींच्या पदराला बांधलेली. एक ओढलं की दहा यायची. त्यानंतर सात-आठ वेळा कॅमेऱ्यासमोर बसले. आता माझे विद्यार्थी मेट्रोवर, पुलांवर, धरणांवर काम करतात आणि त्यांनाही असे फोन येतात. आले की ते मला फोन करतात. दर वेळी तेच सांगायचा कंटाळा आला, म्हणून हे लिहून ठेवते आहे.

१. फोन आला की

फोन करणारा बहुतेक वेळा फिल्मवाल्यांचा संशोधक असतो: पंचविशीतला, हुशार, आणि काल रात्रीपासून तुमचा विषय वाचत बसलेला. त्याला लगेच "हो" म्हणू नका. आधी चार गोष्टी विचारा. फिल्म नेमकी कशावर आहे, त्यातल्या कोणत्या भागाबद्दल मला विचारणार, आणखी कोण बोलणार आहे, आणि पैसे कोण घालतंय. शेवटचा प्रश्न विचारायला संकोच वाटतो, पण विचाराच. ठेकेदार कंपनीच पैसे घालत असेल तर ती कंपनीची फिल्म आहे. त्यात वाईट काही नाही, फक्त कोणाच्या मांडवात आपण उभे आहोत ते माहीत असावं. मानधनाचंही याच फोनवर बोलून घ्या. पुष्कळदा प्रवासखर्च आणि जेवण एवढंच मिळतं. ते चालणार असेल तर चालवून घ्या, पण शूटिंगच्या दिवशी तोंड पाडून बसू नका.

मग तुमची जागा ठरवा. "हे काम मी केलं", "या कामाचा मी अभ्यास केलाय" आणि "मी या विषयातली आहे" ही तीन वेगवेगळी माणसं आहेत. प्रेक्षकाला यातलं काही दिसत नाही. हेल्मेट घालून पुलाजवळ उभं राहिलं की तो समजतो, पूल यांनीच बांधला. त्यामुळे पहिल्या दोन वाक्यांत तुमचं नातं तुम्हीच सांगून टाका. जम्मू-काश्मीरमधल्या चिनाब रेल्वे पुलाचं उद्घाटन ६ जून २०२५ ला झालं आणि बंगळुरूच्या भारतीय विज्ञान संस्थेतल्या प्रा. माधवी लता यांच्याभोवती माध्यमांची झुंबड उडाली. सतरा वर्षं त्यांनी त्या प्रकल्पाला डोंगर-खडकाबाबतचा सल्ला दिला होता, म्हणजे कौतुक रास्तच होतं. तरीही, या पुलामागची एकटी बाई म्हणून मला उभं करू नका, मी हजारोंपैकी एक आहे, अशा अर्थाचं त्यांनी स्वतः जाहीरपणे लिहिलं. माहितीपटाला एक नायक हवाच असतो. तो तुमच्या अंगावर चढवायला आले की हे आठवा.

विषय आपला नसेल तर नाही म्हणा. मला एकदा वांद्रे-वरळी सागरी सेतूच्या केबलांबद्दल विचारलं होतं. मी माती-खडकातली. केबलच्या ताणाबद्दल मी जे बोलले असते ते पुस्तकातलं बोलले असते आणि ते चेहऱ्यावर दिसलं असतं. दुसऱ्या एका प्राध्यापकांचं नाव सुचवलं. ते छान बोलले.

२. कागदपत्रं

सरकारी नोकरीत असाल तर राज्यात महाराष्ट्र नागरी सेवा (वर्तणूक) नियम, १९७९ लागू आहेत. लेखी परवानगी घ्या. साहेबांचं तोंडी "हो हो, बोला की" फिल्म दाखवल्यावर कोणाला आठवत नाही. खासगी सल्लागार असाल तर ग्राहकाशी केलेल्या करारातलं गोपनीयतेचं कलम काढून वाचा. बोअरच्या (जमिनीला छिद्र पाडून केलेल्या तपासणीच्या) नोंदी आणि आतल्या आकृत्या तुमच्या कपाटात असल्या तरी तुमच्या नसतात. धरण, बंदर, बोगदा इथल्या चित्रीकरणाची आणि ड्रोनची परवानगी काढणं हे निर्मात्याचं काम. गेटवर अडवल्यावर "मॅडम, तुमची ओळख असेल ना" म्हणतील. असली तरी वापरू नका.

सही करायला एक पानी संमतीपत्र देतात, तेही कॉलरला माइक लावत असताना. त्यात साधारण असं असतं की तुमचं चित्रीकरण कुठेही, केव्हाही, कसंही कापून वापरता येईल. माझं ते 'अजिबात सोपं नव्हतं' वाक्य २०२४ च्या जुलैत परत उगवलं. पेडण्याच्या बोगद्यात पाणी शिरून गाड्या अडल्या होत्या आणि एका वाहिनीने माझा जुना तुकडा बातमीला चिकटवला. बघणाऱ्याला वाटलं, बाई आजच बोलताहेत. मी सही केलेली होती. तक्रार कुठे करणार? आता मी कागद आदल्या दिवशी मागवते आणि खाली पेनाने एक ओळ घालते: अर्थ बदलेल असं कापू नये, आणि दुसऱ्या कार्यक्रमात वापरताना चित्रीकरणाची तारीख दाखवावी. तीनांतले दोन निर्माते कुरकुर न करता मान्य करतात.

३. घरची तयारी

सगळ्यात जास्त वेळ इथे घाला. एका कागदावर तीनच गोष्टी लिहा, ज्या तुमच्याशिवाय त्या फिल्ममध्ये दुसरं कोणी सांगणार नाही. प्रत्येक गोष्टीचं एक असं वाक्य करा की मागचं-पुढचं कापलं तरी ते उभं राहील. माझं पेडण्याचं वाक्य आता असं आहे: "पेडण्याच्या बोगद्यात खडक नव्हता, पाण्याने भिजलेली मऊ माती होती, आज जेवढी काढावी तेवढी उद्या परत आत आलेली असायची." यात जागा आहे, कारण आहे आणि डोळ्यांसमोर येईल असं काहीतरी आहे. "खूप आव्हानात्मक होतं" यात यातलं काही नाही. 'आव्हानात्मक' हा शब्द तर आठवडाभर घरात बंदच करून टाका.

आकडे. इंजिनिअरला आकड्यांचा मोह सुटत नाही, पण एका वाक्यात एकच आकडा. कोकण रेल्वे ७४० किलोमीटरच्या आसपास, बोगदे ९० च्या वर, पूल २,००० च्या घरात: हे तिन्ही एका दमात सांगितलंत तर ऐकणाऱ्याच्या हाती एकही लागत नाही. आणि दशांश चिन्ह कॅमेऱ्यासमोर काढू नका, ते अहवालात शोभतं.

एकक समजावायचं असेल तर घरातल्या मापात आणा. कोयनेच्या जलाशयात १०५ टीएमसी (अब्ज घनफूट) पाणी मावतं. टीएमसी हा शब्द पावसाळ्यात रोज पेपरात येतो आणि तो कळणारा माणूस विरळा. १ टीएमसी म्हणजे सुमारे २,८३१ कोटी लिटर, असं सांगून कोणाच्या डोक्यात उजेड पडत नाही. माणशी रोज १३५ लिटर धरून मी एकदा भागाकार करून ठेवला: १ टीएमसीत पावणेसहा लाख माणसांचं वर्षभराचं पाणी भागतं. हे सांगितल्यावर कॅमेरामनने कॅमेऱ्यामागून मान वर केली. तो मूळचा लातूरचा.

तुलना मात्र जपून करा. चिनाब पूल आयफेल टॉवरपेक्षा उंच आहे, हे तुम्ही शंभरदा ऐकलं असेल आणि तुमच्याकडूनही तेच वदवून घेतील. पुलाचा मार्ग नदीच्या तळापासून ३५९ मीटरवर आहे, हे खरंच. पण आयफेल टॉवर जमिनीवर पाय रोवून सगळा उंच उभा आहे, आणि इथे कमानीचे पाय दरीच्या दोन्ही अंगांना डोंगराच्या उतारावर टेकलेत. म्हणजे अंतर मोजलंय दरीचं आणि तुलना चाललीय बांधकामाशी. या पुलातली खरी करामत ४६७ मीटर लांबीची कमान आणि ती ज्या भेगाळलेल्या खडकावर टेकलीय तो उतार सांभाळणं, ही आहे. तिथे तुम्ही तज्ज्ञ म्हणून कामाला येता. 'सर्वात मोठा', 'आशियातला पहिला' असं पटकथेत दिसलं की "कशात?" एवढाच प्रश्न विचारायचा.

उपमा शोधायची तर स्वयंपाकघरात शोधा, तिथे सगळ्यांची ये-जा असते. रत्नागिरीजवळचा पानवलचा पूल सुमारे ६४ मीटर उंच आहे, वीसेक मजल्यांच्या इमारतीएवढा. तो जागेवर न बांधता काठावर तुकड्यातुकड्याने ओतून जॅकने पुढे ढकलत नेला. हे मी "सोऱ्यातून शेव पाडतात तसा" असं सांगते. कोयनेचं लेक टॅपिंग (१३ मार्च १९९९ आणि नंतर २५ एप्रिल २०१२) सांगायला मी माठ वापरते: भरलेला माठ रिकामा न करता त्याच्या तळाशी तोटी बसवायची. मग उपमा जिथे तुटते तिथेही बोट ठेवते. इथे तोटी खालून येते. बोगदा तळ्याच्या तळाखाली आणायचा, शेवटचा थोडा खडक बुचासारखा राखायचा, उडालेला दगड झेलायला खाली आधीच खड्डा करायचा आणि मग बूच सुरुंगाने एकदम उडवायचं. हे सगळं मी आधी आमच्याकडे पोळ्यांना येणाऱ्या बाईंना सांगून बघितलं. त्यांनी विचारलं, "आणि बूच अर्धंच उडालं तर?" दिग्दर्शकाने नेमका तोच प्रश्न विचारला. माझी तयारी झालेली होती.

४. कपडे आणि माइक

हे कोणी सांगत नाही, म्हणून तपशिलात सांगते. बारीक चौकड्या आणि बारीक रेघा पडद्यावर थरथरतात. पांढराशुभ्र रंग चेहरा काळवंडवतो. खळ दिलेली सुती साडी सुंदर दिसते, पण हात हलवला की सळसळते आणि ती सळसळ तुमच्या वाक्यावर बसते. दोनदा धुतलेली मऊ साडी नेसा. लेपल माइक म्हणजे छातीजवळ लावायचा नखाएवढा माइक. मंगळसूत्राचे मणी त्यावर घासतात, तेव्हा ते मागे किंवा पदराच्या आत घ्या. त्या माइकची डबी कंबरेला अडकवावी लागते आणि साडीला पट्टा नसतो. परकराच्या नाडीला अडकवा, किंवा माझ्यासारखा साडीवरून पदराखाली झाकला जाईल असा एक पातळ कापडी पट्टा शिवून घ्या. एकदा निऱ्यांना अडकवली होती. उभी राहिले आणि डबीसकट निऱ्या खाली. काचेच्या बांगड्या घरी.

पुरुषांचं सोपं असतं. फक्त उन्हात काळा होणारा चष्मा नको. बाहेरच्या शॉटमध्ये तुम्ही गुप्तहेर दिसता. शूटिंग दोन दिवस असेल तर दुसऱ्या दिवशीही तोच शर्ट, कारण पहिल्या दिवशीचं अर्धं वाक्य दुसऱ्या दिवशीच्या अर्ध्याला जोडणार असतात.

साइटवर चेहरा दिसत नाही म्हणून हेल्मेट काढायला सांगतील. काढायचं नाही. तुम्ही त्या साइटवरच्या प्रत्येक पोरासमोर उभे असता.

५. कॅमेरा चालू झाल्यावर

विचारणाऱ्याचा आवाज फिल्ममध्ये नसतो. प्रश्न कापला जातो, उत्तर राहतं. "कोकण रेल्वे किती साली सुरू झाली?" याला "१९९८" हे उत्तर निरुपयोगी. "कोकण रेल्वे पूर्ण मार्गाने सुरू झाली ती १९९८ च्या जानेवारीत" असं बोला. याच कारणाने प्रश्नातला वाईट शब्द उचलू नका. "इथे निष्काळजीपणा झाला का?" याला तुम्ही "निष्काळजीपणा झाला असं मी म्हणणार नाही" असं उत्तर दिलंत की तो शब्द तुमच्या तोंडी कायमचा बसला. काय झालं ते आपल्या शब्दांत सांगा.

भिंगात बघू नका, विचारणाऱ्याकडे बघा. तो मान डोलावत राहील, तोंडाने हूं का चूं करणार नाही. त्याने बिचकू नका, त्याचा आवाज तुमच्यावर येऊ नये म्हणून तो गप्प असतो. वाक्य संपलं की तोंड मिटून एक श्वास थांबा, संपादकाला तिथे कात्री घालता येते. चुकलात तर "सॉरी" म्हणत पुढे ढकलू नका, सगळं वाक्य पहिल्यापासून घ्या. "मॅडम, परत एकदा, पण थोडक्यात" हे ऐकून पहिल्यांदा अपमान वाटतो. माझा अनुभव असा की पहिलं उत्तर लांबतं, दुसरं चांगलं येतं आणि चौथ्यापासून आपण नाटकात काम करायला लागतो. तिसऱ्यानंतर मी पाणी मागते.

मराठी, हिंदी, इंग्रजी अशा तिन्ही भाषांत हवं असेल तर एक भाषा पूर्ण संपवून दुसरीकडे जा. शॉटक्रीट, रॉक बोल्ट (खडक आवळून धरणारी सळई) हे शब्द साइटवर सगळेच बोलतात, ते बदलू नका. पहिल्यांदा येईल तेव्हा दोन शब्दांत अर्थ सांगा ("शॉटक्रीट म्हणजे खडकावर दाबाने फवारलेलं काँक्रीट") आणि पुढे चला.

पंखा, एसी, फ्रीज बंद करतात. घाम येतो, रुमाल ठेवा. मुलाखत संपली की "कोणी हलू नका" म्हणत अर्धा मिनिट नुसती शांतता रेकॉर्ड करतात, त्याला रूम टोन म्हणतात. तेवढ्यात खुर्ची करकरवू नका. मग चालण्याचे शॉट. बोगद्याच्या तोंडाशी पाच वेळा आत जा, पाच वेळा बाहेर या. "नदीकडे विचारात पडल्यासारखं बघा" हेही होतं. कोयनेत वीज करून सुटलेलं पाणी ज्या वाशिष्ठीत येतं, तिच्याकडे मी चिपळूणला इतक्या वेळा विचारात पडून पाहिलंय की आता खरा विचार आला तरी मी तिकडे बघत नाही.

आणि माइक अंगावर आहे तोवर खासगी असं काही नसतं. जेवणाच्या सुट्टीत मी एका ठेकेदाराच्या काँक्रीटबद्दल सहकाऱ्याशी काय बोलले, ते ध्वनिमुद्रकाने हेडफोनवर ऐकलं आणि दही वाढताना मला हसून सांगितलं. भला माणूस होता.

६. फुटेल का?

धरणावरच्या प्रत्येक फिल्ममध्ये हा प्रश्न येतो. "शंभर टक्के सुरक्षित" म्हणू नका, कोणताही इंजिनिअर असं म्हणत नाही. "काही सांगता येत नाही" तर मुळीच नको; त्याच्याखाली ढगांचा गडगडाट घालतील. तीन पावलांत उत्तर द्या: काय घडलं, त्यावर काय केलं, आता नजर कशावर असते. कोयनेपुरतं: ११ डिसेंबर १९६७ च्या पहाटे मोठा भूकंप झाला, धरणाच्या वरच्या भागाला भेगा गेल्या, पण धरण उभं राहिलं. नंतर त्याला मागून काँक्रीटची जोड देऊन बळकट केलं. आज भिंतीतून झिरपणारं पाणी, तिची हालचाल आणि परिसरातले धक्के यांची नोंद ठेवली जाते. एवढं शांतपणे सांगितलं की भीतीही पसरत नाही आणि खोटा धीरही दिला जात नाही.

दुर्घटनेवरची फिल्म असेल तर बोलण्याआधी आठवा की ऐकणाऱ्यांत त्या घरातलं माणूस असू शकतं. पुण्यात १२ जुलै १९६१ म्हटलं की आजही कोणाच्या तरी घरात फुटलेल्या पानशेत धरणाच्या पाण्याने वाहून गेलेल्या भांड्यांची यादी निघते. "अभियांत्रिकीच्या दृष्टीने हे फार रंजक उदाहरण आहे" हे वाक्य वर्गात चालतं, तिथे नाही. दोष कोणाचा, यावर चौकशीत प्रसिद्ध झालं आहे तेवढंच बोला.

७. शूटिंगनंतर

कच्ची फिल्म सहसा दाखवत नाहीत, पण तुमच्या वाक्यांचा उतारा मागितला तर देतात. त्यासोबत त्यांना एक कागद पाठवा: गावांची, नद्यांची, माणसांची नावं देवनागरीत, ठळक अक्षरांत. मी हे एकदा केलं नाही. निवेदन दिल्लीत रेकॉर्ड झालं, पटकथा रोमन लिपीत होती, आणि रत्नागिरीजवळच्या पानवल नदीवरचा पूल त्या भारदस्त आवाजाने थेट पनवेलला नेऊन ठेवला. रत्नागिरीहून आलेले फोन मी दोन दिवस घेत होते. पेडण्याचं 'पर्नेम' होतं तेही असंच.

त्याच कागदावर पडद्यावर नावाखाली येणारी तुमची ओळखसुद्धा स्वतः लिहून द्या, चार शब्दांच्या आत. माझ्या विषयाचं मराठी नाव भू-तांत्रिकी. एका फिल्ममध्ये मधली रेघ गळली आणि माझ्या नावाखाली झळकलं 'भूतांत्रिक तज्ज्ञ'. दुसऱ्या दिवशी सोसायटीतल्या एका काकूंनी जिन्यात गाठून हळू आवाजात विचारलं, त्यांच्या भाचीच्या घरी रात्रीचे आवाज येतात, तर मी एकदा येऊन बघेन का. मी गेले. गच्चीवरच्या टाकीचा पाइप सैल होता. आता मी 'माती आणि खडक तज्ज्ञ' असं लिहून देते.